कंट्रोलर बदलण्याआधी: ई-स्कूटरच्या वायरिंगमधला बिघाड क्रमाने कसा शोधायचा

पावसाळा लागला की माझ्याकडे येणाऱ्या ई-स्कूटरींसोबत बहुतेक वेळा एकच निरोप असतो: "कंट्रोलर गेलाय, नवीन टाका." कंट्रोलर म्हणजे बॅटरीची वीज मोटरला हवी तशी सोडणारा डबा. गाडी उघडून मीटर लावला की निघतं काहीतरी वेगळंच. कुठे कपलरमधली (वायरी एकमेकींना जोडणाऱ्या प्लास्टिकच्या सॉकेटमधली) पिन हिरवी पडलेली असते, कुठे ब्रेकचा स्विच अडकलेला, कुठे उंदराने कुरतडलेली वायर. चूक एकच होते: लोक मधूनच सुरुवात करतात. ज्या भागाचा संशय येतो तो भाग बदलतात, गाडी चालली नाही की पुढचा बदलतात. वीज बॅटरीतून निघून चाकापर्यंत ज्या वाटेने जाते, त्याच वाटेने तपासत गेलं तर बिघाड कुठे आहे ते गाडीच सांगते.

हा लेख कमी वेगाच्या गाड्यांसाठी आहे. म्हणजे २५० वॅटची हब मोटर (चाकातच बसवलेली), ताशी २५ किलोमीटरची मर्यादा, नोंदणी आणि लायसन्स न लागणाऱ्या. यांत बहुधा ६० व्होल्टची रचना असते, १२ व्होल्टच्या ५ लेड-अ‍ॅसिड बॅटऱ्या एकापुढे एक जोडलेल्या. ४८ व्होल्टच्या गाडीत ४ आणि ७२ व्होल्टच्या गाडीत ६ बॅटऱ्या धरून पुढचे आकडे बदलून घ्या. लिथियम पॅक असेल तर टप्पा ३ मधलं एकेका बॅटरीचं मोजमाप सोडून बाकी सगळं लागू पडतं, पण पॅक स्वतः उघडू नका. गाडी वॉरंटीत असेल तर काहीही उघडू नका, आधी सर्व्हिस सेंटरला दाखवा.

## टप्पा १: तयारी

हाताशी काय हवं: डिजिटल मल्टिमीटर, दांड्याला टेप गुंडाळलेला पाना, स्क्रू ड्रायव्हर, पांढरी कागदी टेप आणि पेन, शिवणकामाच्या दोन टाचण्या, आणि एक जुना १०० वॅटचा तारेचा बल्ब होल्डर व दोन वायरींसह. एलईडी बल्ब चालणार नाही. हा बल्ब काय कामाचा ते शेवटी कळेल. तो न घेता काम सुरू करू नका.

मीटरची बॅटरी नवी टाका. उतरलेल्या बॅटरीवर मीटर चुकीचे आकडे दाखवतो, बऱ्याचदा असतात त्यापेक्षा जास्त. लाल प्रोब "व्होल्ट"च्या भोकात आहे ना, हे दर वेळी बघा. तो "१० अँपिअर"च्या भोकात राहिला आणि तुम्ही बॅटरीला टेकवलात, तर तो सरळ शॉर्ट झाला. मीटर जळतो, प्रोबचं टोक वितळतं, ठिणगी डोळ्यापर्यंत येते.

अंगठी, कडं, घड्याळ काढून ठेवा. ६० व्होल्ट डीसी ओल्या हाताला झटका देतो, पण खरा धोका प्रवाहाचा आहे. बॅटरीच्या दोन टोकांमध्ये अंगठी अडकली तर ती काही क्षणांत तापून लाल होते.

गाडी मेन स्टँडवर घ्या. मागचं चाक जमिनीपासून पूर्ण सुटलेलं हवं. यापुढची प्रत्येक तपासणी चाक अधांतरी ठेवूनच करायची. चालू गाडीत वायर हलली आणि चाकाने झेप घेतली, असं मी स्वतः पाहिलेलं आहे.

सावधान: एमसीबी (बॅटरीची वीज तोडणारा मेन स्विच) पाडल्यावरही कंट्रोलरच्या आतल्या कपॅसिटरमध्ये वीज साठलेली असते. चावी चालू करून हॉर्न दाबून ठेवा, तो क्षीण होत बंद पडेल. मग कंट्रोलरच्या जाड लाल आणि जाड काळ्या वायरवर मीटर लावा. २ व्होल्टच्या खाली आल्याशिवाय हात घालू नका.

## टप्पा २: आधी फोटो, मग नकाशा

फूटबोर्ड आणि सीटखालचं झाकण काढलं की वायरींचं जाळं दिसतं. काहीही सोडवण्याआधी चार-पाच बाजूंनी फोटो काढा. प्रत्येक कपलरच्या दोन्ही अंगांना कागदी टेप लावून तोच आकडा लिहा, १ ला १, २ ला २. पाच मिनिटांचं काम आहे. हे न केल्यामुळे दोन दोन दिवस घरात उभ्या राहिलेल्या गाड्या मी पाहिल्यात.

मग कंट्रोलरमधून निघणाऱ्या वायरी ओळखा.

- जाड लाल आणि जाड काळी: बॅटरीकडून येणाऱ्या.
- जाड पिवळी, हिरवी, निळी: मोटरच्या तीन फेज वायरी.
- पाच बारीक वायरींचा कपलर: हॉल सेन्सरचा, म्हणजे चाक कुठवर फिरलंय ते कंट्रोलरला सांगणाऱ्या सेन्सरचा. लाल ५ व्होल्टची, काळी निगेटिव्ह, पिवळी-हिरवी-निळी सिग्नलच्या.
- तीन बारीक वायरींचा कपलर: थ्रॉटलचा, म्हणजे वेग देणाऱ्या मुठीचा. लाल, काळी आणि सिग्नलची हिरवी किंवा पांढरी.
- चावीकडून येणारी एक बारीक वायर, बहुधा लाल किंवा नारिंगी.
- ब्रेकची, गतीच्या बटणाची, रिव्हर्सची, अलार्मची: बारीक वायरी. यांचे रंग कंपनीगणिक बदलतात.

रंगावर डोळे मिटून विश्वास ठेवू नका. आधी कुणी दुरुस्ती केली असेल, तर त्याच्याकडे जी वायर होती ती त्याने जोडलेली असते. कंट्रोलरवरच्या स्टिकरवर वायरींची नावं असतील तर ती प्रमाण माना.

पेट्रोल गाड्यांवर काम केलेल्यांना एक खास इशारा. तिथे चॅसी म्हणजेच निगेटिव्ह, ही सवय हाडात भिनलेली असते. ई-स्कूटरमध्ये बहुतेक ठिकाणी निगेटिव्हची वायर वेगळी फिरवलेली असते, चॅसी वापरलेली नसते. म्हणून काळा प्रोब सांगाड्याला टेकवून घेतलेल्या मापाला अर्थ नाही. काळा प्रोब नेहमी बॅटरीच्या किंवा कंट्रोलरच्या निगेटिव्हला.

## टप्पा ३: बॅटरी आणि एमसीबी

मीटर २०० व्होल्ट डीसीवर ठेवा. आधी प्रत्येक बॅटरी वेगळी मोजा, मग सगळ्यांची बेरीज. चार्ज करून काही तास ठेवलेली चांगली बॅटरी १२.७ ते १३ व्होल्टच्या आसपास दाखवते, म्हणजे पाचांची बेरीज ६४-६५. एखादी बाकीच्यांपेक्षा अर्धा व्होल्ट किंवा जास्त खाली असेल तर ती कमजोर. एकीमुळे पाचही बसतात, कारण प्रवाह सगळ्यांतून एकच वाहतो.

पण उभ्या गाडीत घेतलेलं माप पुरेसं नाही. एक-दोन किलोमीटर, शक्य तर चढाचा रस्ता, चालवून आणा आणि थांबल्याबरोबर पुन्हा मोजा. कमजोर बॅटरी तेव्हा उघडी पडते. गाडी चालतच नसेल तर बॅटरीच्या दुकानात लोड टेस्टरवर तपासून घ्या.

बॅटरी नुकतीच बदललेली असेल आणि बेरीज ३९ व्होल्टच्या आसपास आली, तर एक बॅटरी उलटी जोडलेली आहे. चारांची बेरीज ५२, त्यातून उलटीचे १३ वजा. हे एमसीबी चढवण्याआधीच पकडायचं.

आता एमसीबी चढवून तिच्या आत येणाऱ्या आणि बाहेर जाणाऱ्या बाजूला मोजा. आत ६४ आणि बाहेर शून्य असेल तर एमसीबी किंवा तिचा स्क्रू. इथे हेडलाइट लावून मोजायची सवय करा. शंभर तारांपैकी एक तार शिल्लक असली तरी मीटर पूर्ण व्होल्ट दाखवतो, कारण मीटर प्रवाह जवळजवळ ओढतच नाही. भार पडला की ती एक तार तोकडी पडते आणि व्होल्ट कोसळतात. "मीटरवर व्होल्ट येतायत पण गाडी चालत नाही" या तक्रारीमागे बऱ्याचदा हेच असतं.

तपासणी: गाडी चालत असेल पण झटके देत असेल, तर दोन किलोमीटर चालवून या, सगळं बंद करा आणि एमसीबी, बॅटरीची थिंबलं (वायरीच्या टोकाला दाबलेल्या धातूच्या कड्या), फेजचे जोड यांना एकेक करून बाहेरून हात लावा. जो गरम लागतो तो ढिला किंवा गंजलेला.

बॅटरीवर होणारा एक अन्याय इथेच सांगतो. मोबाइल चार्जर किंवा जादा दिवा लावायला काही जण पाचातल्या एकाच बॅटरीवरून १२ व्होल्ट घेतात. ती बॅटरी रोज बाकीच्यांपेक्षा जास्त उतरते, चार्जर मात्र पाचांना सारखाच चार्ज देतो. काही महिन्यांत ती संपते आणि गाडीची रेंज निम्म्यावर येते. मधल्या बॅटरीवरून वायर घेतली असेल तर आणखी वाईट. तिचं निगेटिव्ह हे गाडीचं निगेटिव्ह नसतं, चुकून दोन्ही एक झाले की शॉर्ट. १२ व्होल्ट हवे असतील तर ते फक्त कन्व्हर्टरमधून (६० चे १२ व्होल्ट करणारा डबा, पुढच्या टप्प्यात येतो), तेही त्याला पेलेल एवढेच.

## टप्पा ४: चावी आणि कन्व्हर्टर

चावी चालू करा. कंट्रोलरकडे जाणाऱ्या चावीच्या बारीक वायरवर बॅटरीइतकेच व्होल्ट यायला हवेत. नसतील तर चावीच्या स्विचच्या दोन्ही अंगांना मोजा. चावी हलवल्यावर डिस्प्ले लुकलुकत असेल तर स्विचचे आतले संपर्क जळलेत.

लाइट, हॉर्न, इंडिकेटर ६० व्होल्टवर चालत नाहीत. त्यांना कन्व्हर्टर १२ व्होल्ट करून देतो. त्याला बहुधा तीनच वायरी असतात: आत येणारी, सामायिक निगेटिव्ह आणि बाहेर जाणारे १२ व्होल्ट. गाडी नीट चालते पण एकही दिवा लागत नाही, हॉर्न नाही, इंडिकेटर नाही, अशा वेळी कंट्रोलरकडे बघायचंही कारण नाही. थेट कन्व्हर्टर मोजा. आत ६० येतात आणि बाहेर काही नाही, तर आधी १२ व्होल्टकडचा कपलर काढून पुन्हा मोजा. कपलर काढल्यावर १२ आले तर कन्व्हर्टर ठीक आहे, पुढे कुठेतरी शॉर्ट आहे. नवा कन्व्हर्टर लावलात तर तोही बसेल.

## टप्पा ५: गाडीला "थांब" म्हणणाऱ्या वायरी

सगळ्यात जास्त वेळ आणि पैसा लोक इथे घालवतात.

कंट्रोलरला "चल" सांगणारा एकटा थ्रॉटल असतो. "थांब" सांगणारे चार-पाच: डावा ब्रेक, उजवा ब्रेक, पार्किंगचं बटण, काही गाड्यांत साइड स्टँडचा स्विच, आणि अलार्म. यांपैकी एकाने जरी "थांब" म्हटलं, तरी तुम्ही थ्रॉटल कितीही पिळा, चाक हलत नाही. आणि लक्षण हुबेहूब कंट्रोलर गेल्यासारखं दिसतं: डिस्प्ले चालू, लाइट चालू, मोटर ढिम्म.

गेल्या जुलैत एका शिक्षिकाबाईंची गाडी आली. दोन ठिकाणी दाखवून झालं होतं, कंट्रोलर एकदा बदलला होता, आता "मोटर गेली" असं त्यांना सांगितलं होतं. मी चावी फिरवली आणि मागे जाऊन उभा राहिलो. ब्रेक लाइट लागलेला होता, आणि लिव्हरला कुणाचा हात नव्हता. डाव्या लिव्हरचा स्क्रू काढला. आत काडेपेटीच्या काडीएवढी बारीक दांडी असते, लिव्हर सोडली की ती आत दाबली जायला हवी. पाणी आणि मातीचा पिवळट लगदा साचून ती बाहेरच चिकटली होती. जुन्या टूथब्रशने साफ केली, कॉन्टॅक्ट क्लीनर मारला, दहा वेळा दाबून सोडली. ब्रेक लाइट गेला, चाक फिरलं. बाईंनी आधीच एका कंट्रोलरचे पैसे मोजलेले होते, ते कुणी परत देणार नव्हतं.

म्हणून क्रम असा. चावी चालू, कुठेही हात न लावता ब्रेक लाइट बघा. लागलेला असेल तर ब्रेक स्विच. लागलेला नसला तरी कंट्रोलरकडे जाणारा ब्रेकचा कपलर काढून थ्रॉटल द्या. चाक फिरलं तर दोष ब्रेकच्या वायरिंगमध्ये. नाही फिरलं तर तो परत लावा, मग साइड स्टँडचा काढा, मग अलार्मचा. एका वेळी एकच.

सावधान: ब्रेकचा कपलर काढून गाडी रस्त्यावर नेऊ नका. ब्रेक दाबल्यावर मोटर बंद होणं ही सुरक्षेची गोष्ट आहे. "चालतेय ना, राहू दे तसंच" म्हणून सोडलेली गाडी गर्दीत ब्रेकशी झुंजते.

## टप्पा ६: थ्रॉटल

कपलर जोडलेलाच ठेवा. मागच्या बाजूने टाचण्या घालून त्यांवर प्रोब लावा. दोन टाचण्या एकमेकींना चिकटू देऊ नका.

काळा प्रोब थ्रॉटलच्या काळ्या वायरवर. लाल वायरवर ४.३ ते ५ व्होल्ट यायला हवेत. मग लाल प्रोब सिग्नलवर घ्या: थ्रॉटल सोडलेला असताना ०.८ ते १ च्या आसपास, हळूहळू पिळल्यावर न अडखळता ३.५ च्या वर. मध्येच आकडा शून्यावर पडून परत चढत असेल तर थ्रॉटल खराब. सोडल्यावरही सिग्नल वर राहत असेल, तर अनेक कंट्रोलर सुरक्षेसाठी मोटर सुरूच करत नाहीत.

५ व्होल्टच येत नसतील तर घाईने निष्कर्ष काढू नका. हेच ५ व्होल्ट मोटरमधल्या हॉल सेन्सरलाही जातात. हॉलचा कपलर काढा आणि पुन्हा मोजा. ५ व्होल्ट परत आले तर शॉर्ट मोटरकडच्या वायरींत आहे, थ्रॉटल निर्दोष. हॉल परत लावून थ्रॉटलचा काढल्यावर कंट्रोलरकडच्या अंगाला ५ आले तर शॉर्ट थ्रॉटलमध्ये. दोन्ही काढूनही येत नसतील, तेव्हाच कंट्रोलरवर संशय.

थ्रॉटलची काळी वायर तुटणं सगळ्यात धोक्याचं. निगेटिव्ह गेलं की सिग्नल ५ व्होल्टकडे चढतो, आणि कंट्रोलरला वाटतं तुम्ही पूर्ण पिळलाय. हँडलच्या गळ्याशी वायर रोज मुडपते, तिथे बोटांनी चाचपून बघाच.

## टप्पा ७: मोटरकडच्या वायरी

एमसीबी पाडा, चाक हाताने फिरवा. मोकळं फिरलं तर उत्तम. टप्प्याटप्प्याने अडत, जड फिरत असेल तर तीन फेज वायरी कंट्रोलरपासून सोडवून त्यांची टोकं वेगवेगळी ठेवा आणि पुन्हा फिरवा. आता मोकळं झालं तर कंट्रोलरमधले मॉसफेट (मोटरची वीज चालू-बंद करणारे इलेक्ट्रॉनिक स्विच) शॉर्ट आहेत. तरीही अडत असेल तर शॉर्ट मोटरच्या गुंडाळीत किंवा अ‍ॅक्सलजवळच्या वायरींत. एकसारखं घासत असेल तर ब्रेक किंवा बेअरिंग बघा.

गाडी धडधडते, जागच्या जागी थरथरते, पायाने ढकलल्यावर मात्र चालू लागते: हे हॉल सेन्सरचं लक्षण. फेज वायरी जोडा, एमसीबी चढवा, चावी चालू करा, काळा प्रोब हॉलच्या काळ्या वायरवर ठेवून तिन्ही सिग्नल एकेक करून मोजा. चाक अगदी हळू, हाताने. प्रत्येक वायरवर आकडा शून्याच्या जवळ आणि ५ च्या जवळ असा उड्या मारायला हवा. जी वायर एकाच आकड्यावर बसून राहते ती तुटलेली, किंवा तिचा सेन्सर गेलेला. या मोटरींत बहुधा तिन्ही सिग्नल एकाच वेळी शून्य किंवा एकाच वेळी ५ होत नाहीत. तसं दिसलं तर ५ व्होल्टची किंवा काळी वायर आधी तपासा.

वायर तुटायची ठरलेली जागा म्हणजे अ‍ॅक्सलमधून ती बाहेर येते तिथली कड. पंक्चर काढल्यानंतर दोन दिवसांत गाडी धडधडायला लागली, तर दुसरीकडे कुठेही बघू नका. चाक बसवताना वायर नटाखाली चेपलेली असते, किंवा खाचेत बसणारा वॉशर लावायचा राहिलेला असतो. तो वॉशर अ‍ॅक्सलला फिरू देत नाही. तो नसेल तर मोटर जोर लावते तेव्हा अ‍ॅक्सलच फिरतो आणि आठही वायरी पिळून निघतात.

नेहमीची चूक: फेजच्या आणि हॉलच्या वायरी अदलाबदल करून "चालते का बघू" म्हणणं. तीन फेज आणि तीन हॉल यांच्या ३६ जोडण्या होतात, त्यांतल्या ३ च गाडीला नीट पुढे नेतात. काही चुकीच्या जोडण्यांत चाक फिरतं, पण मोटर गुरगुरते, तापते आणि प्रवाह भरमसाट ओढते. नव्या कंट्रोलरला लर्निंगच्या (योग्य जोडणी त्याने स्वतः ओळखावी यासाठीच्या) दोन वायरी असतील तर त्या जोडून चावी चालू करा, चाक आपोआप फिरेल. उलटं फिरलं तर सोडवून पुन्हा जोडा. सरळ फिरायला लागलं की सोडवून दोन्हींवर वेगवेगळी टेप मारा.

## टप्पा ८: आता कंट्रोलर

इथवर सगळं ठीक असेल तरच. कंट्रोलर बॅटरीपासून आणि मोटरपासून सोडवा, कपॅसिटर रिकामा झाल्याची खात्री करा, मीटर डायोडवर घ्या. लाल प्रोब कंट्रोलरच्या जाड काळ्या वायरवर, काळा प्रोब पाळीपाळीने पिवळी, हिरवी, निळीवर. तिन्हींवर ०.४ ते ०.६ च्या दरम्यान, एकमेकांशी जुळणारे आकडे हवेत. मग काळा प्रोब जाड लालवर आणि लाल प्रोब तिन्ही फेजवर, पुन्हा तसेच. कुठे शून्य आलं, मीटर वाजला, की मॉसफेट गेला. तेव्हा खुशाल बदला. बदलताना व्होल्ट, वॅट आणि ब्रेकचा "थांब" हा सिग्नल निगेटिव्हवर चालतो की १२ व्होल्टवर, हे तिन्ही जुळवा.

## टप्पा ९: जोड करणं आणि पहिल्यांदा वीज देणं

वायरी पिळून वर टेप गुंडाळणं हा जोड नाही. एका पावसात टेप सुटते. बारीक वायरी सोल्डर करा, वर हीट श्रिंक स्लीव्ह (तापवल्यावर आवळणारी नळी) चढवा. स्लीव्ह आधी वायरीत ओवायला विसरू नका. जाड वायरींना थिंबल नीट दाबून, नट घट्ट. हिरव्या पडलेल्या पिना घासण्यापेक्षा कपलरच बदला. चाकाकडे जाणारी वायर खाली एक झोल देऊन मग वर न्या, म्हणजे पाणी झोलावरून गळून जाईल, कपलरमध्ये शिरणार नाही.

आता तो बल्ब. बॅटरीची एक जाड वायर थेट न जोडता मध्ये बल्ब घाला आणि एमसीबी चढवा, चावी बंद. बल्ब क्षणभर चमकून विझला तर कपॅसिटर भरला, सगळं ठीक. लागलेलाच राहिला तर कुठेतरी शॉर्ट आहे. बल्बमुळे प्रवाह अडला, तुमच्या वायरी वाचल्या. एमसीबी पाडा आणि शोधा. बल्ब विझल्यावरच एमसीबी पाडून तो काढा आणि वायर सरळ जोडा.

चाक अधांतरी ठेवूनच थ्रॉटल अगदी थोडा द्या. चाक फिरत असताना हँडल एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत वळवा. मध्येच चाक थांबलं किंवा डिस्प्ले लुकलुकला तर हँडलपाशी वायर ताणली जातेय. दोन्ही ब्रेक पाळीपाळीने दाबा, प्रत्येकाने मोटर लगेच बंद झाली पाहिजे आणि ब्रेक लाइट लागला पाहिजे. हे सगळं झाल्यावरच फूटबोर्डचे स्क्रू लावा. स्क्रू लावताना खाली वायर आलेली नाही ना, ते टॉर्च मारून बघा.